दुभाषीबाईंचे हात

दुभाषीबाईंच्या हातांना कंप सुटला आहे, हे सगळ्यांत आधी त्यांच्या आईच्या लक्षात आलं. आई जन्मापासून ठार बहिरी. मुलीचे हात वाचण्यातच तिचं निम्मं आयुष्य गेलेलं. एका सकाळी चहा पिताना बाईंनी तिला खुणेनं विचारलं, गरम पाणी काढून ठेवू का, तर आईनं कप खाली ठेवला, चष्मा पुसून पुन्हा डोळ्यांवर चढवला आणि म्हणाली, "तू अडखळत बोलतेस."

बाईंनी थंडीचं निमित्त केलं. आईनं खिडकीबाहेरच्या लख्ख उन्हाकडे एकदा पाहिलं आणि पुढं काही विचारलं नाही.

बाईंचे वडीलही बहिरेच होते. बाईंना मात्र चांगलं ऐकू यायचं. तोंडानं बोलायला लागायच्या आधी त्या हातानं बोलायला शिकल्या. घरमालक असो, दुकानदार असो, नाहीतर डॉक्टर, घरात कुणीही आलं की ही फ्रॉकमधली मुलगी मध्ये उभी राहायची आणि मोठ्यांचं बोलणं मोठ्यांना पोचवायची. पुढं तेच त्यांचं काम झालं. कोर्टात, दवाखान्यात, कचेरीत, जिथं म्हणून बहिऱ्या माणसाला काही सांगायचं असेल तिथं बाईंना बोलावणं यायचं. कोर्टातल्या शिपायानं त्यांना दुभाषीबाई म्हणायला सुरुवात केली आणि ते नाव असं चिकटलं की पोस्टमनही त्यांना त्याच नावानं हाक मारायचा.

कंप आधी कपबशीपुरता होता. मग कुलपात किल्ली जाईना. मग सुईत दोरा ओवायचं काम यजमानांकडे गेलं. हे सगळं बाईंनी हसण्यावारी नेलं. यजमान वायरमन होते, घरोघरी वायरिंग करायचे, आणि त्यांचा स्वभाव असा की बिघाड दिसला की पेचकस काढून बसायचं. दोन्ही हात मांडीवर नुसते ठेवले की स्थिर, उचलले की थरथर, हे त्यांनी दोनचारदा निरखून पाहिलं आणि म्हणाले, "अगं, लोड आला की व्होल्टेज पडतंय. दाखवून घे."

बाईंनी कानाडोळा केला. डॉक्टरकडे जायला त्यांना वेळ मिळाला तो इस्पितळात एक प्रसंग घडल्यावर.

एका बहिऱ्या सुताराच्या पोटात गाठ निघाली होती. डॉक्टर बाईंना म्हणाले, ह्यांना सांगा, गाठ साधी आहे, काढली की हे बरे होतील. बाईंनी तसं सांगितलं. पण बाईंच्या त्या खुणांच्या भाषेत 'नाही' म्हणायचं तर हात आडवा हलवतात, आणि 'बरं होणार' म्हणताना बाईंचा हात शेवटी स्वतःहून आडवा हलला. सुतारानं वाचलं, बरं होणार नाही. त्याचा चेहरा पांढराफटक पडला. त्यानं बायकोकडे पाहिलं, बायकोनंही तेच वाचलं होतं. काय झालं ते बाईंच्या लक्षात आलं. त्यांनी सुताराचा हात धरला, पुन्हा सांगितलं, मग कागदावर लिहून दाखवलं. सुताराचा जीव भांड्यात पडला, तो हसलासुद्धा. पण बाईंना हसू आलं नाही. बाहेर येऊन त्या व्हरांड्यातल्या बाकावर बसल्या आणि दोन्ही हात मांड्यांखाली दाबून धरले.

त्या दिवसानंतर त्यांनी काम घेणं थांबवलं. कुणी विचारलं की आईची तब्येत पुढं करायच्या.

गोळ्या झाल्या. एकीनं झोप यायची, दुसरीनं तोल जायचा, कंप होता तिथंच. शेवटी मेंदूच्या डॉक्टरीणबाईंनी दुसरा मार्ग सांगितला. मेंदूत खोलवर एक गाठोडं असतं, हाताला जाणारे निरोप तिथून जातात. तिथं निरोपांचा गोंधळ झाला की हात थरथरतो. तिथं दोन्ही बाजूंनी एकेक बारीक तार सोडायची, छातीत कातडीखाली बॅटरी बसवायची आणि त्या जागी सतत अगदी थोडा करंट द्यायचा. गोंधळ दबतो. रोग जात नाही, पण हात शांत होतो. करंट बाहेरून रिमोटनं कमीजास्त करता येतो, बंदही करता येतो. डॉक्टरीणबाई फारशा गोड बोलणाऱ्या नव्हत्या, त्यामुळे त्यांच्यावर विश्वास बसायचा. त्यांनी धोकेही सांगितले. रक्तस्राव होऊ शकतो, जंतू जाऊ शकतात. आणि दोन्ही बाजूंना करंट दिला की काहींची जीभ जड होते.

वायरमनांनी तिथंच तोंड उघडलं. आयुष्यभर आपण एकच गोष्ट पाळली, म्हणाले, वायरला हात लावायच्या आधी मेन बंद करायचा. इथं तर ऑपरेशनच्या वेळी पेशंटला जागं ठेवणार म्हणता.

"जागं ठेवलं नाही तर हात थांबला की नाही हे कळणार कसं?" डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

वायरमनांना ते पटलं, पण त्यांच्या चेहऱ्याचा उडालेला रंग काही परत आला नाही.

खोलीबाहेर बाकावर बसून दोघं विचार करत होते. शेजारच्या दारामागून टकटक टकटक असा आवाज येत होता, जरा थांबायचा, पुन्हा सुरू व्हायचा. कानांत बोळे घातलेला एक तरुण बाहेर आला, बोळे काढून खिशात टाकले आणि त्याच्या बहिणीनं त्याला पाण्याची बाटली दिली. वायरमनांना राहवलं नाही, त्यांनी विचारलंच. बहीण म्हणाली, ह्याचं मन कशात लागत नव्हतं, महिनेच्या महिने, म्हणून डोक्यावर चुंबकाचे ठोके देतात. दुखत नाही, सुतारपक्षी बसल्यासारखं वाटतं म्हणतो. फरक आहे का, असं वायरमनांनी विचारलं. ह्यावर तो तरुण स्वतःच म्हणाला, "काल मी भांडलो हिच्याशी. आधी तेवढाही दम नव्हता." बहीण हसली. बाईही बऱ्याच दिवसांनी मोकळ्या हसल्या.

घरी अडचण आली ती आईची.

बाईंनी तिला सगळं समजावून सांगितलं, कागदावर डोकं काढून दाखवलं. तार, बॅटरी, करंट. आईनं सगळं पाहून घेतलं आणि दोन्ही हात काखेत घातले. त्या घरात काखेत हात घालणं म्हणजे तोंड मिटणं. रागावली की ती तासन्‌तास तशी बसायची. त्या दिवशी जेवायलाच हात बाहेर काढले. दुसऱ्या दिवशी दुपारी ती आपण होऊन बाईंच्या समोर येऊन बसली आणि बोलायला लागली. बाईंनी कधी न ऐकलेली गोष्ट होती ती.

आई सहासात वर्षांची असताना तिला एका माणसाकडे नेलं होतं. त्याच्याकडे लाकडी पेटी होती, पेटीला दांडा. विजेनं कान उघडतात असं तो सांगायचा. तिच्या कानांमागं ओले बोळे लावले आणि तो दांडा फिरवायला लागला.

"मामानं माझे हात धरले होते," आई म्हणाली. "हात धरले म्हणजे माझं तोंडच धरलं. मी ओरडले असेन. मला काय कळणार? मामा रडत होता, त्यावरून समजलं."

पुष्कळदा नेलं तिला तिथं. कान काही उघडले नाहीत. आजीनं एक दिवस त्या माणसाच्या तोंडावर दार लावलं, तेव्हा ते थांबलं.

बाईंनी खुर्ची आईच्या आणखी जवळ ओढली. मग त्यांनी हात उचलले. हात थरथरत होतेच. त्या म्हणाल्या, "तुला कुणी विचारलं नव्हतं, आई. मला विचारलंय. मी हो म्हणतेय."

"कशासाठी? कोर्टासाठी?"

"तुझ्याशी भांडता येत नाही मला आता. अर्ध्यात हात थकतात, मग मी सोडून देते. तुझ्या लक्षात नाही आलं?"

आईच्या लक्षात आलं होतं. तिनं बाईंचे दोन्ही हात आपल्या हातांत घेतले, ते थांबेपर्यंत धरून ठेवले, आणि मग सोडून म्हणाली, "केस किती कापतील?"

ऑपरेशनच्या दिवशी बाईंच्या डोक्याला एक कडं बसवलं आणि ते टेबलाला जखडलं. कातडी बधिर केली होती, दुखलं नाही, पण कवटीला भोक पाडताना सगळं डोकं असं घुमलं की आपण एखाद्या पिंपात बसलोय आणि बाहेरून कुणी ते ठोकतंय असं बाईंना वाटलं. त्यानंतर मात्र शांतता. सर्जन पडद्यामागं होते, त्यांचा नुसता आवाज यायचा. डॉक्टरीणबाई समोर स्टुलावर बसल्या होत्या. त्या म्हणतील तसं बाई करत होत्या. हात वर करा. पेला धरा. कागदावर गोल गोल रेघ काढा. वारांची नावं सांगा. बाईंची रेघ कोंबड्यानं पाय ओढत नेल्यासारखी निघाली.

डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आता बघा. बाईंच्या बोटांत मुंग्या आल्या आणि गेल्या. उजवा हात हवेत होता. तो थांबला. बाईंनी त्याच्याकडे दुसऱ्या कुणाचा असावा तसं पाहिलं. मग दुसऱ्या बाजूचीही तार आत गेली, डावाही थांबला. बाईंनी दोन्ही हात तोंडासमोर आणले आणि त्या त्यांच्या भाषेत बोलायला लागल्या. भराभर, मोठ्या मोठ्या खुणांनी. खोलीतली सगळी माणसं हातातलं काम सोडून बघत राहिली. त्यातलं अक्षरही कुणाला कळत नव्हतं.

"काय म्हणालात?" भूल देणाऱ्या डॉक्टरांनी विचारलं.

"आईला शिव्या दिल्या," बाई म्हणाल्या. "कालपासून साठल्या होत्या."

महिन्याभरानं, टाके भरून आल्यावर, बॅटरी कायमची सुरू केली. बाईंनी घरी येऊन चहा केला, दोन कप ट्रेमध्ये ठेवून आईपर्यंत नेला आणि बशीत एक थेंब सांडला नाही. आईनं चहाकडे पाहिलंच नाही. तिनं बाईंच्या छातीवरचा उंचवटा बोटानं चाचपला, गरम लागतो का, दुखतो का, असं विचारलं. नाही म्हटल्यावर तिचा विश्वास बसेना. तिनं आपला तळवा तिथं ठेवला आणि बराच वेळ काही जाणवतंय का ते पाहिलं. काहीच जाणवलं नाही, तेव्हा तिनं कप उचलला. त्या संध्याकाळी मायलेकींनी अगदी पोटभर भांडण केलं, विषय होता पडदे धुवायला कधी टाकायचे.

पण डॉक्टरीणबाईंनी सांगितलेलं खरं ठरलं. उजवा हात थोड्या करंटवर शांत झाला होता, डावा हटून बसला. खुणांना दोन्ही हात लागतात, म्हणून बाईंच्या आग्रहावरून डाव्याचा करंट चढवत नेला. डावा शांत झाला, आणि जीभ जड झाली. शब्द एकमेकांना चिकटून यायला लागले. 'रस्ता' म्हटलं की 'रष्टा' यायचं, 'समोर' म्हणताना मधेच हवा संपायची. घरात ह्याचं कुणाला काही वाटलं नाही. आईला आवाजाशी कर्तव्यच नव्हतं. वायरमन म्हणाले, लग्न झाल्यापासून मी वाट बघतोय तू हळू बोलायची. बाईंनी त्यांना न थरथरणाऱ्या हातानं लाटणं दाखवलं.

अशातच कोर्टातून बोलावणं आलं. एक टेम्पो मागं घेताना सायकलवाला खाली सापडून जायबंदी झाला होता. टेम्पोवाल्याचं म्हणणं, सायकलवालाच घुसला. पाहणारी एकच होती, समोरच्या दुकानातली इस्त्रीवाली, आणि ती बहिरी. बाईंनी हो म्हटलं. सुताराच्या प्रसंगानंतरचं हे पहिलंच काम.

साक्षीची सुरुवात चांगली झाली. वकील विचारायचे, बाई हातानं विचारायच्या, आणि इस्त्रीवालीला प्रश्न लख्ख समजायचे. तिचे डोळेच सांगत होते. ती उत्तर द्यायची, आणि ते उत्तर बाई तोंडानं सांगायला लागल्या की गाडी चिखलात जायची. लिहून घेणारा कारकून सारखा वर बघून विचारायचा, काय म्हणालात? बाई पुन्हा सांगायच्या, घाईनं सांगायला जायच्या आणि आणखी बोबडं यायचं. मागच्या बाकांवर कुणीतरी खुदकन हसलं. मग टेम्पोवाल्याचे वकील उठले आणि फार अदबीनं म्हणाले की साहेब, दुभाषी आज प्रकृतीनं ठीक दिसत नाहीत, सकाळीसकाळी काही घेऊन तर आल्या नाहीत ना, एवढंच विचारतो.

बाईंच्या तोंडावर कुणी पाणी मारावं तसं झालं. उत्तर ओठांवर होतं, पण ते उच्चारलं तर आणखी हसतील हे त्यांना कळत होतं.  इस्त्रीवाली आळीपाळीनं सगळ्यांचे चेहरे बघत होती. तिनं बाईंना विचारलं, "काय म्हणाला तो तुम्हाला?"

बाईंचा नियम असा की कोर्टात बोललं जाईल ते सगळं साक्षीदाराला सांगायचं. त्यांनी सांगितलं.

"तोंड वाकडं करून बघतायत सगळे," इस्त्रीवाली म्हणाली. "मी लहानपणी आवाज काढायचे ना, तेव्हा अश्शीच बघायची माणसं. म्हणून बंद केलं मी."

न्यायाधीशांनी पुढची तारीख दिली. तोवर दुसरं कुणी मिळतं का पाहा, असंही सांगितलं. दुसरं कुणी नव्हतं. आणि इस्त्रीवालीनं जाताजाता बजावलं की दुसरं कुणी आणलं तर मी हात काखेत घालून बसेन.

बाई तडक डॉक्टरीणबाईंकडे गेल्या. दुपारभर त्या दोघी बसल्या. करंट थोडा इकडे, थोडा तिकडे, कधी तारेच्या टोकाला, कधी जरा वर. जीभ सुटली की डावा हात थरथरायचा, हात थांबला की जीभ अडकायची. मधला एक बिंदू सापडला, तिथं दोन्ही अर्धवट होतं, आणि तो बाईंना मुळीच आवडला नाही. डॉक्टरीणबाई शेवटी म्हणाल्या की रिमोटमध्ये डाव्याउजव्या करंटच्या दोन जोड्या भरून देते. एक हाताची, एक जिभेची. कुठं कोणती लावायची ते तुम्ही ठरवा.

वायरमनांना हे फार पसंत पडलं. जिन्यातल्या दिव्याला खाली एक आणि वर एक बटण असतं तसंच आहे हे, म्हणाले. प्रश्न विचारताना हाताचं बटण, उत्तर सांगताना जिभेचं. घरी त्यांनी वकिलाचं सोंग घेतलं, आईला साक्षीदार केलं आणि सराव सुरू झाला. पण बटण दाबलं की लगेच फरक पडायचा नाही. हात थांबायला वेळ, जीभ सुटायला वेळ. बाई प्रश्न विचारायच्या, बटण दाबायच्या, वाट बघायच्या. आई दोन प्रश्नांतच कंटाळली आणि तिसऱ्याला डोळे मिटून घेतले.

मग तिनं डोळे उघडले आणि विचारलं, हे काय चाललंय ते नीट सांगा तरी. बाईंनी सांगितलं. उजवा हात थोड्या करंटवरही ठीक राहतो, जिभेला त्याचा त्रास नाही, सगळा घोळ डाव्याचा आहे.

"मग डावा खाली ठेव," आई म्हणाली.

खुणांना दोन हात लागतात, बाई म्हणाल्या. आईनं त्यांच्याकडे अशी नजर टाकली की बाई पुन्हा फ्रॉकमधल्या झाल्या.

"तू कडेवर होतीस तेव्हा मी दोन वर्षं एका हातानं बोलत होते. तुझा बाप सायकल चालवताना एका हातानं बोलायचा. कुणाला समजलं नाही असं झालं का कधी? आपली माणसं काय हात मोकळे ठेवून हिंडतात?"

खरंच होतं ते. हे बाईंना माहीत नव्हतं असंही नाही. पण त्या शिकून दुभाषी झाल्या होत्या, दोन्ही हातांनी, शुद्ध, परीक्षकाला आवडेल असं बोलायची त्यांना सवय लागली होती. कोर्टात एका हातानं बोलणं म्हणजे पायजमा घालून उभं राहिल्यासारखं वाटत होतं. पुढचे दिवस त्या घरात जिभेचं बटण लावून डावा हात टेबलावर पालथा ठेवायच्या आणि उजव्यानं बोलायच्या. आई शिकवणी घ्यायची. जिथं दुसरा हात लागतो तिथं टेबल वापर, स्वतःचा खांदा वापर, छाती वापर. चेहरा जास्त हलव. चुकलं की आई त्यांच्या मनगटावर टिचकी मारायची. डाव्या हाताला उठायची वळवळ सुटायची, पण पालथा दाबून ठेवला की ती बोटांच्या टोकांपर्यंत यायची आणि तिथंच राहायची.

पुढच्या तारखेला बाई उभ्या राहिल्या आणि काम सुरू व्हायच्या आधी त्यांनी परवानगी मागून न्यायाधीशांना सांगितलं. सावकाश, एकेक शब्द सुटा करून. माझ्या मेंदूत हातांच्या कंपासाठी तारा बसवल्या आहेत. त्यानं मागच्या वेळी जीभ जड झाली होती. आज करंट कमी केला आहे, त्यामुळे मी एका हातानं बोलेन आणि हळू बोलेन. साक्षीदाराला माझं समजतंय का ते तिला विचारून खात्री करून घ्या. आणि मला घाई करू नका.

न्यायाधीशांनी खात्री करून घेतली. इस्त्रीवालीनं स्वच्छ समजतंय म्हणून सांगितलं. टेम्पोवाल्याचे वकील काही म्हणायला उठले होते, ते न्यायाधीशांच्या तोंडाकडे पाहून बसले.

साक्ष दुपारपर्यंत चालली. इस्त्रीवालीनं सगळं सांगितलं. सायकलवाला थांबलेला होता, एक पाय जमिनीवर होता. टेम्पोवाला मान मागं न वळवता गाडी मागं घेत होता, कारण तो फोनवर बोलत होता. हॉर्न वाजवला होता का, असं वकिलांनी विचारलं. बाईंनी विचारलं. इस्त्रीवालीनं उत्तर दिलं आणि बाईंनी ते जसंच्या तसं सांगितलं, "ते मला विचारून काय उपयोग?"

ह्या वेळी कोर्ट हसलं, न्यायाधीशही हसले, पण ते हसणं वेगळं होतं. कारकुनानं एकदाही काय म्हणालात असं विचारलं नाही. बाईंना दोनतीन ठिकाणी शब्द अडला, त्या थांबल्या, पुन्हा उच्चारला. सगळे थांबले. काही महिन्यांनी निकाल सायकलवाल्याच्या बाजूनं लागला, पण ते पुढचं.

त्या दुपारी कोर्टातून बाहेर पडल्यावर बाई आणि इस्त्रीवाली बस थांब्यावरच्या बाकावर बसल्या. बाईंनी पिशवीतून रिमोट काढून हाताचं बटण दाबलं. आता जिभेचं काम नव्हतं. हळूहळू डावा हात निवला, आणि त्या दोन्ही हातांनी गप्पा मारायला लागल्या. इस्त्रीवालीला ते बटण बघायचं होतं, डोक्यावरचा व्रण बघायचा होता. तिची एक बस आली आणि गेली. ती उठली नाही. काहीतरी विचारू की नको असं तिच्या मनात चाललेलं दिसत होतं.

बहिऱ्या माणसांत प्रत्येकाला खुणेचं एक नाव असतं. ते कुणी स्वतः घ्यायचं नसतं, मंडळी देतात. कुणाच्या गालावरच्या तिळावरून, कुणाच्या चालीवरून. बाईंचं नाव त्यांच्या लहानपणच्या दोन वेण्यांवरून पडलेलं, खांद्यावर दोनदा बोट टेकवायचं. निदान त्यांची तशी समजूत होती.

"तुम्हाला राग येणार नसेल तर सांगते," इस्त्रीवाली म्हणाली. "आमच्या बहिऱ्यांच्या मंडळात तुमचं नाव बदललंय. दोन वर्षं झाली."

"काय ठेवलंय?"

इस्त्रीवालीनं उजव्या हाताची बोटं पसरली आणि ती थरथरवली.

 दोन वर्षं आपण हात लपवत होतो, आईच्या तब्येतीची निमित्तं सांगत होतो, आणि दोन वर्षं सगळं गाव त्याच नावानं आपल्याला ओळखत होतं. मग बाईंना हसू फुटलं. इतकं की शेजारी बसलेला माणूस पेपर बाजूला करून बघायला लागला. इस्त्रीवालीही हसत सुटली, मोठ्यानं, आवाज करून, आणि तिला कुणी बघतंय ह्याची फिकीर नव्हती.

"आता ते चालायचं नाही," डोळे पुसत बाई म्हणाल्या. "आता दुसरं हवं."

इस्त्रीवालीनं मान डोलावली. तिनं बाईंना आपादमस्तक न्याहाळलं. आधी डोक्याला बोट लावलं, पण ते तिला स्वतःलाच पटलं नाही. मग छातीवरचा उंचवटा दाखवला, त्यालाही नको म्हणाली. मग म्हणाली, रविवारी मंडळात विषय काढते, तिथं काय ते ठरेल. बाईंनी विचारलं, मी येऊ का? त्यावर ती ठामपणे नाही म्हणाली. ज्याचं नाव ठरवायचं त्यानं तिथं थांबायचं नसतं.

तिची दुसरी बस वळणावर दिसली. ती उठली, दोन पावलं गेली आणि परत वळून विचारलं, "तुमच्या आईला पाठवता येईल का पण? ती फार बोलते म्हणतात."

बाईंनी सांगितलं की ती येईल, आणि मंडळ बंद व्हायची वेळ झाली तरी उठणार नाही.